मुख्याध्यापकपदावर डावललं गेलात तर काय करायचं? ठाणे-नवी मुंबईतल्या खाजगी शाळांच्या शिक्षकांसाठी मार्गदर्शक

जुने मुख्याध्यापक निवृत्त होतात. निरोपसमारंभात संस्थेचे अध्यक्ष नव्या मुख्याध्यापकांचं नाव जाहीर करतात आणि स्टाफरूममध्ये शांतता पसरते, कारण ते नाव ज्येष्ठता यादीत दुसऱ्या किंवा चौथ्या क्रमांकावरच्या शिक्षकाचं असतं. पहिल्या क्रमांकावर असलेल्याला तेव्हा वाटतं की वाद आज सुरू झाला. प्रत्यक्षात तो कित्येक वर्षांपूर्वी, ज्येष्ठता यादी न वाचता तिच्यावर सही केली त्या दिवशी सुरू झालेला असतो. म्हणून या लेखाचा मोठा भाग कोर्टाच्या आधीच्या गोष्टींवर खर्च केला आहे.

मुख्याध्यापकपद ही संस्थेची मेहेरबानी नाही. नियमांनी पात्र, ज्येष्ठ आणि समाधानकारक सेवा असलेल्या शिक्षकाचा त्यावर हक्क आहे. मात्र तो हक्क कागदावर सिद्ध करावा लागतो आणि ठरलेल्या मुदतीत मागावा लागतो.

## १. आपल्या शाळेला कायदा लागू आहे का, ते बघा

महाराष्ट्रातल्या खाजगी शाळांतल्या कर्मचाऱ्यांसाठी 'महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, १९७७' आणि त्याखालची १९८१ ची नियमावली आहे. शिक्षक बोलताना याला 'एमईपीएस' म्हणतात. शाळा अनुदानित असो वा विनाअनुदानित, राज्याची मान्यता असेल तर सर्वसाधारणपणे हा कायदा लागू होतो.

तीन ठिकाणी थांबून विचार करा.

महापालिका आणि जिल्हा परिषदेच्या शाळा यात येत नाहीत. तिथल्या बढतीचे नियम वेगळे, दाद मागायची जागाही वेगळी. ठाणे किंवा नवी मुंबई महापालिकेच्या शाळेत असाल तर या लेखातल्या पायऱ्या तुमच्या उपयोगाच्या नाहीत.

सीबीएसई किंवा आयसीएसई शाळांच्या बाबतीत कायदा लागू होतो की नाही, हाच बहुतेक वेळा पहिला वाद असतो. घोडबंदर रोडपासून खारघरपर्यंत अशा शाळांची रांग आहे. वकिलाकडे जाण्याआधी शाळेचा मान्यता आदेश आणि तो कोणी दिला हे मिळवा. त्याशिवाय कोणताही सल्ला अंदाजावरचा ठरतो.

तिसरा प्रकार अल्पसंख्याक शाळांचा. कायद्याच्या कलम ३(२) नुसार अल्पसंख्याक शाळेच्या प्रमुखाची आणि संस्थेने शिक्षण संचालक किंवा उपसंचालकांना नावं कळवलेल्या आणखी तीन जणांपर्यंतची भरती या कायद्याबाहेर आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद ३०(१) खाली अल्पसंख्याक संस्थेला आपला शाळाप्रमुख निवडण्याचा हक्क आहे, हे सर्वोच्च न्यायालयाने १९९८ च्या एन. अम्मद प्रकरणात स्पष्ट केलं. म्हणजे अशा शाळेत केवळ ज्येष्ठतेवर दावा टिकणं अवघड. तरीही नेमलेल्या व्यक्तीकडे शैक्षणिक पात्रता हवीच. शिवाय संस्थेला अल्पसंख्याक दर्जा नेमणुकीच्या तारखेला होता का, तो धार्मिक की भाषिक, प्रमाणपत्र कोणी दिलं, हे तपासा. 'आम्ही मायनॉरिटी आहोत' असं तोंडी सांगितलं म्हणून अर्ज मागे घेऊ नका.

## २. शिक्षणाधिकारी कोणत्या जिल्ह्याचे, हे चुकवू नका

नवी मुंबईत हा गोंधळ फार होतो. दिघा-ऐरोलीपासून सीबीडी बेलापूरपर्यंतचा महापालिकेचा भाग ठाणे जिल्ह्यात येतो. माध्यमिक शाळांसाठी तिथले अधिकारी म्हणजे शिक्षणाधिकारी (माध्यमिक), जिल्हा परिषद ठाणे. खारघर, कामोठे, कळंबोली, नवीन पनवेल, उलवे हा भाग बोलण्यात नवी मुंबई असला तरी जिल्हा रायगड आहे. त्याचे शिक्षणाधिकारी जिल्हा परिषद रायगडचे, म्हणजे अलिबागला. चुकीच्या कार्यालयात दिलेला अर्ज आवक होऊन पडून राहतो आणि तोवर तुमची मुदत सरते.

महापालिका हद्दीतल्या खाजगी प्राथमिक शाळेत असाल तर आधी महापालिकेच्या शिक्षण विभागात चौकशी करा. प्राथमिकचे प्रस्ताव तिकडून जातात.

दोन्ही जिल्ह्यांचे शिक्षण उपसंचालक एकच, मुंबई विभागाचे. त्यांचं कार्यालय चर्नी रोडला जवाहर बाल भवनात आहे. एकाच संस्थेच्या शाळा नेरूळलाही आहेत आणि पनवेललाही, अशी स्थिती असेल तर अर्ज दोन्ही शिक्षणाधिकाऱ्यांना द्या आणि प्रत उपसंचालकांना पाठवा. असं का, ते पुढच्याच मुद्द्यात येईल.

## ३. ज्येष्ठता यादी: सगळं इथे ठरतं

नियम १२ सांगतो की व्यवस्थापनाने अनुसूची 'फ' प्रमाणे ज्येष्ठता यादी तयार करायची, ती कर्मचाऱ्यांना द्यायची आणि मिळाल्याच्या सह्या घ्यायच्या. यादीत पुढे बदल झाला तर तोही दाखवून सह्या घ्यायच्या. हरकती आल्या तर त्यांचा विचार करायचा आणि दोन शिक्षकांच्या आपसातल्या ज्येष्ठतेचा वाद उरला तर तो शिक्षणाधिकाऱ्यांकडे निर्णयासाठी पाठवायचा.

यादी हातात आल्यावर पुढच्या गोष्टी बघा.

यादी कोणाची आहे? नियम ३(३) नुसार संस्थेची एकच शाळा असेल तर त्या शाळेतला, आणि एकापेक्षा जास्त शाळा असतील तर रात्रशाळा वगळून सगळ्या शाळांमधला ज्येष्ठ पात्र शिक्षक मुख्याध्यापक होतो. अनेक संस्था शाळानिहाय याद्या ठेवतात आणि कोपरखैरणेच्या शाळेतलं पद कोपरखैरणेच्याच यादीतून भरतात. त्याच संस्थेच्या कळव्याच्या शाळेत अधिक ज्येष्ठ शिक्षिका असेल तर ती डावलली जाते, आणि पुष्कळदा तिला हे कळतही नाही. संस्थेची एकत्रित यादी मागा, आणि तीही लेखी मागा.

तुम्ही कोणत्या प्रवर्गात आणि कधीपासून? माध्यमिक शाळांसाठी अनुसूची 'फ' मध्ये प्रवर्गांची उतरती शिडी आहे. वरच्या पायऱ्यांवर मुख्याध्यापक-उपमुख्याध्यापक. प्रशिक्षित पदवीधर, म्हणजे बी.ए., बी.एस्सी. किंवा बी.कॉम. आणि बी.एड., हे प्रवर्ग 'क' मध्ये येतात. नोकरीला कधी लागलात ही तारीख एकटी पुरत नाही. त्या प्रवर्गात कधी आलात, ती तारीख बघतात.

उदाहरण घ्या. एक शिक्षक जून १९९४ मध्ये बारावी-डी.एड. म्हणून माध्यमिक शाळेत लागले, २००१ मध्ये बी.ए. आणि २००३ मध्ये बी.एड. झाले. एक शिक्षिका जून १९९८ मध्ये बी.एस्सी., बी.एड. होऊनच लागल्या. शाळेत चार वर्षं आधी आलेले शिक्षक स्वतःला ज्येष्ठ समजतात. पण प्रवर्ग 'क' मध्ये शिक्षिका १९९८ लाच आल्या, शिक्षक त्यानंतर. शिक्षिका ज्येष्ठ. स्टाफरूममधली निम्मी भांडणं या एका हिशेबाने मिटतात.

एकाच प्रवर्गात एकाच तारखेला दोघं असतील तर? जो वयाने मोठा तो ज्येष्ठ. जूनमध्ये शाळा उघडताना एकाच दिवशी चार-पाच जण रुजू होतात, त्यामुळे हा प्रश्न वरचेवर येतो. आडनावांची वर्णमाला, आधी निघालेलं नेमणूकपत्र, हजेरीपटावरचा क्रम यांना इथे काही अर्थ नाही.

प्राथमिकचं गणित वेगळं आहे. प्राथमिक शाळेत त्या पदाची प्रशिक्षण पात्रता आल्यापासूनची सलग सेवा मोजतात. विमन वामन आवळे प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये हीच दिशा दिली: प्राथमिकला डी.एड. ही पुरेशी पात्रता आहे, दुसऱ्याकडे बी.एड. आहे म्हणून तो वर जात नाही. माध्यमिकचे प्रवर्ग प्राथमिकच्या यादीवर चिकटवलेले दिसले तर हरकत घ्या.

अनुसूची 'फ' मध्ये शासनाने वेळोवेळी दुरुस्त्या केल्या आहेत. बाजारातली जुनी पुस्तिका वाचून यादी जोखू नका. पद रिक्त झालं त्या दिवशी कोणती तरतूद लागू होती, ते राजपत्रातून काढा.

आता सहीबद्दल. सही करायला नकार देण्याने काही साधत नाही, उलट 'अडेलतट्टू' अशी नोंद होते. सही करा, तारीख घाला आणि सहीशेजारी लिहा: 'यादी मिळाली. क्रमांक ४ बाबत हरकत, स्वतंत्र अर्ज देत आहे.' मग खरोखरच अर्ज द्या आणि आवक क्रमांकासह पोच घ्या. दहा वर्षं निमूट सह्या करून अकराव्या वर्षी पहिली हरकत घेणाऱ्याला शाळा न्यायाधिकरणात (शाळा कर्मचाऱ्यांची अपिलं जिथे चालतात तिथे) पहिला प्रश्न हाच येतो की इतकी वर्षं कुठे होता.

## ४. पात्रता तपासा, स्वतःचीही आणि समोरच्याचीही

माध्यमिक शाळेच्या मुख्याध्यापकासाठी नियम ३ मध्ये पदवी आणि बी.एड. लागते. शिवाय पदवीनंतर माध्यमिक शाळेतला किमान ५ वर्षांचा पूर्णवेळ अध्यापनाचा अनुभव हवा, त्यातली किमान २ वर्षं बी.एड. नंतरची. 'पूर्णवेळ' हा शब्द महत्त्वाचा आहे. अर्धवेळ किंवा तासिका तत्त्वावर काढलेली वर्षं या पाचात धरू नका. संलग्न कनिष्ठ महाविद्यालय असेल तर प्राचार्यपदाची पात्रता वेगळी आहे, ती स्वतंत्र वाचा.

मग येते 'समाधानकारक सेवा'. ज्येष्ठ शिक्षकाला बाजूला सारायचं असलं की संस्था इथे हात घालते. ऐनवेळी जुने मेमो निघतात, गोपनीय अहवालात 'प्रशासन क्षमता नाही' असा शेरा उगवतो. नियम १५ इथे तुमच्या बाजूने उभा आहे. व्यवस्थापनाने गोपनीय अहवाल लिहिले-जपले नाहीत, किंवा प्रतिकूल शेरे ठरलेल्या मुदतीत कळवले नाहीत, तर त्या काळातलं काम समाधानकारक होतं असं धरलं जातं. त्यामुळे कळवलेल्या प्रत्येक प्रतिकूल शेऱ्याला त्याच वेळी लेखी उत्तर द्या. न कळवलेला शेरा संस्थेने पुढे केला तर घाबरू नका.

टीईटीचा, म्हणजे शिक्षक पात्रता परीक्षेचा मुद्दा नवा आहे आणि गंभीर आहे. सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी अंजुमन इशाअत-ए-तालीम ट्रस्ट प्रकरणात निकाल दिला. सक्तीच्या शिक्षण कायद्याखालच्या, म्हणजे पहिली ते आठवीच्या सेवेतल्या शिक्षकांनाही टीईटी आवश्यक ठरवली. निवृत्तीला पाच वर्षांपेक्षा कमी काळ उरलेल्यांना टीईटीशिवाय निवृत्तीपर्यंत नोकरीत राहता येईल, पण बढती मागायची असेल तर टीईटी लागेल. अल्पसंख्याक शाळांचा प्रश्न मोठ्या पीठाकडे पाठवला आहे. मुख्याध्यापक होण्याच्या वयातले बहुतेक शिक्षक नेमके याच शेवटच्या पाच-सात वर्षांत असतात, हे लक्षात घ्या. पाचवी ते दहावीच्या शाळेत तुम्ही कोणत्या गटाला मान्यता असलेले शिक्षक आहात, हे तुमच्या वैयक्तिक मान्यतेच्या (तुमच्या नेमणुकीला शिक्षणाधिकाऱ्यांनी दिलेल्या मान्यतेच्या) आदेशात बघा आणि या निकालानंतर आलेले आदेश, परिपत्रकं वाचल्याशिवाय पाऊल टाकू नका.

## ५. पद रिक्त होण्याआधी सहा महिने

निवृत्तीचं वय ५८, त्यामुळे पद कधी रिकामं होणार हे सगळ्यांना ठाऊक असतं. या काळात तीन कामं करा.

संस्थेच्या सचिवांना विनंतीअर्ज द्या: अमुक तारखेला पद रिक्त होत आहे, मी ज्येष्ठतम पात्र शिक्षक आहे, नियम ३ प्रमाणे माझा विचार व्हावा. सौम्य भाषेत, एका पानात. त्याची प्रत शिक्षणाधिकाऱ्यांना.

स्वतःचं सेवापुस्तक पाहून घ्या. बी.ए., बी.एड. च्या नोंदी, निकालाच्या तारखा, जन्मतारीख, विनावेतन रजा. नोंद राहिली असेल तर आताच करून घ्या, कारण निवृत्त होणारे मुख्याध्यापक ती करून देतात. उद्याचे मुख्याध्यापक तुमचे प्रतिस्पर्धी असतील.

आणि संचमान्यता, म्हणजे शाळेला मंजूर झालेल्या पदांचा आदेश, पाहा. मुख्याध्यापकाचं पद पटसंख्येवर मंजूर होतं. निकष २८ ऑगस्ट २०१५ च्या शासन निर्णयात होते, १५ मार्च २०२४ च्या निर्णयाने ते बदलले. पट घसरून पदच मंजूर नसेल तर ज्येष्ठतेच्या भांडणात जिंकूनही मुख्याध्यापकाचा पगार निघत नाही. ठाण्याच्या जुन्या वस्तीतल्या मराठी शाळांना हा धोका खरा आहे.

## ६. 'माझी हरकत नाही' हे पत्र

ज्येष्ठ शिक्षक स्वतःहून हक्क सोडू शकतो. पण ते स्वेच्छेने आणि लेखी हवं, आणि शिक्षणाधिकाऱ्यांनी त्याची खातरजमा करायची असते. त्या वेळी हक्क सोडला म्हणून पुढच्या रिक्त पदावरचा हक्क जात नाही, हेही नियमातच आहे.

प्रत्यक्षात काय होतं? एप्रिल-मेमध्ये सुट्टी मंजूर करताना, मुलीच्या लग्नासाठी पीएफचं कर्ज मंजूर करताना, एक टाइप केलेला कागद पुढे सरकवला जातो. कधी कोऱ्या लेटरहेडवर सही मागतात. अशी सही करू नका. दबावाखाली झालीच असेल तर दुसऱ्या दिवशीच शिक्षणाधिकाऱ्यांना पत्र द्या की सही स्वेच्छेने केलेली नाही, आणि मला प्रत्यक्ष बोलावून विचारावं. दोन महिन्यांनी लिहिलेल्या अशा पत्राचं वजन फार कमी होतं.

पर्यवेक्षक किंवा उपमुख्याध्यापकपदावर डावललं गेल्यावरही गप्प बसू नका. 'मुख्याध्यापकपदाच्या वेळी बघू' असं म्हणणाऱ्यांच्या लक्षात येत नाही की कनिष्ठ सहकारी तोवर वरच्या पायरीवर जाऊन बसलेला असतो.

## ७. डावललं गेल्यावर पहिले तीस दिवस

कलम ९ खाली बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनतीबरोबरच 'बढतीने नेमणूक करताना डावललं जाणं' यासाठीही शाळा न्यायाधिकरणात अपील करता येतं. ठाणे आणि नवी मुंबईच्या शाळांची अपिलं नवी मुंबईच्या शाळा न्यायाधिकरणात चालतात. आदेश मिळाल्यापासून ३० दिवसांची मुदत कायद्यात आहे. डावलल्या गेलेल्याला बहुधा कोणताच आदेश मिळत नाही, नेमणुकीचा आदेश दुसऱ्याच्या हातात असतो. यावर कायदेशीर वाद घालण्यापेक्षा नेमणूक कळली त्या दिवसापासून ३० दिवस मोजा आणि आत अपील करा. उशीर झालाच तर सबळ कारण दाखवून विलंबमाफीचा अर्ज सोबत जोडता येतो.

सगळ्यात जास्त माणसं कुठे फसतात? शिक्षणाधिकाऱ्यांकडे तक्रार करून त्यांच्या सुनावणीची वाट बघत बसण्यात. सुनावणी लागते, पुढे ढकलली जाते, अधिकारी बदलतात, वर्ष उलटतं. तक्रार जरूर करा, पण ती केल्याने अपिलाची मुदत थांबत नाही. दोन्ही एकाच वेळी चालू द्या.

या तीस दिवसांतला क्रम साधारण असा ठेवा:

पहिल्या दोन दिवसांत संस्थेला लेखी हरकत द्या आणि नेमणूक आदेश, ठराव, ज्येष्ठता यादी यांच्या प्रती मागा. हाती घेत नसतील तर स्पीड पोस्टने पाठवा, पोहोच पावती जपा. त्याच आठवड्यात शिक्षणाधिकाऱ्यांना पत्र द्या की माझी हरकत निकाली निघेपर्यंत नव्या मुख्याध्यापकांच्या वैयक्तिक मान्यतेचा प्रस्ताव मंजूर करू नये. माहिती अधिकाराचा अर्जही तेव्हाच टाका. शुल्क १० रुपये, प्रतींसाठी पानाला २ रुपये, उत्तराची मुदत ३० दिवस. अनुदानित शाळेत जनमाहिती अधिकारी बहुधा स्वतः मुख्याध्यापक असतात, म्हणजे ज्यांच्या नेमणुकीवर वाद आहे तेच. म्हणून हा अर्ज शिक्षणाधिकारी कार्यालयातही करा, तिथे संस्थेने पाठवलेला प्रस्ताव मिळतो. माहिती हातात येईपर्यंत अपील थांबवू नका. नंतर मिळालेले कागद पुढे दाखल करता येतात.

दुसऱ्या आठवड्यात वकील गाठा. सेवाविषयक, त्यातही शाळा न्यायाधिकरणाचं काम करणारा वकील हवा. फौजदारी किंवा जमिनीची कामं करणारे ओळखीचे वकील इथे मदतीपेक्षा अडचण ठरतात.

## ८. जवळ असायला हवीत अशी कागदपत्रं

- नेमणुकीचा पहिला आदेश, त्यानंतरचे सर्व आदेश, प्रत्येकाची वैयक्तिक मान्यता
- पदवी, बी.एड. किंवा डी.एड. ची गुणपत्रकं. प्रमाणपत्रावर दीक्षान्त समारंभाची तारीख असते, निकालाची तारीख गुणपत्रकावर मिळते
- सेवापुस्तकाची साक्षांकित प्रत
- गेल्या दहा-बारा वर्षांच्या ज्येष्ठता याद्या, सह्यांच्या पानांसह
- तुम्ही दिलेल्या हरकती, विनंतीअर्ज, त्यांच्या पोच
- कळवलेले प्रतिकूल शेरे आणि तुमची उत्तरं
- चालू वर्षाची संचमान्यता
- शाळेचा मान्यता आदेश आणि असल्यास अल्पसंख्याक प्रमाणपत्र
- संस्थेच्या ठरावाची व सभेच्या नोटिशीची प्रत
- धर्मादाय कार्यालयातून काढलेला संस्थेचा परिशिष्ट एकचा (विश्वस्तांच्या नोंदीचा) उतारा

मूळ कागद वकिलाकडे ठेवू नका. प्रती द्या, मूळ कागद सुनावणीला घेऊन जा.

## ९. न्यायाधिकरणात काय होतं

अपिलात प्रतिवादी कोण, हे आधी नीट ठरवा. संस्था (अध्यक्ष किंवा सचिवांमार्फत), शाळा, शिक्षणाधिकारी आणि ज्यांची नेमणूक झाली ते शिक्षक. शेवटच्या व्यक्तीला सहकारी म्हणून संकोचाने वगळतात आणि अपील तिथेच लंगडं पडतं. ज्याचं पद जाणार आहे त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय आदेश टिकत नाही.

मागणीत नुसतं 'न्याय मिळावा' नको. नेमणूक रद्द करावी, त्या तारखेपासून मला मुख्याध्यापक म्हणून नेमावं, मानीव दिनांक (पद मिळायला हवं होतं ती मागची तारीख) द्यावा, वेतनातला फरक द्यावा, असं एकेक वेगळं लिहा. मागितलं नाही ते सहसा मिळत नाही.

न्यायाधिकरणाला अपील न्यायालयाचे अधिकार आहेत, आणि ज्या आदेशाविरुद्ध अपील आहे त्याला स्थगितीही देता येते. स्थगितीचा अर्ज अपिलासोबतच द्या. नव्या मुख्याध्यापकांनी पदभार घेऊन, बँकेत सह्यांचे नमुने बदलून, शालार्थ या सरकारी वेतनप्रणालीवर पगारबिलं पाठवायला सुरुवात केली की स्थगिती मिळणं अवघड होतं. कोर्ट शाळेचं कामकाज विस्कळीत करायला नाखूश असतं, आणि त्यात गैर काही नाही.

शाळा मान्यताप्राप्त आहे का, अपील करणाऱ्याची नेमणूक कायद्याप्रमाणे झाली होती का, हे प्राथमिक मुद्दे न्यायाधिकरण आधी तपासतं. मुंबई उच्च न्यायालयाने अण्णा माणिकराव पेठे प्रकरणात ते घालून दिले आहेत. म्हणून वीस वर्षांपूर्वीची तुमचीच नेमणूक जाहिरातीशिवाय झाली होती, असं संस्था अचानक म्हणू लागली तर गांगरू नका. तुमचे मूळ आदेश आणि मान्यता इथेच कामाला येतात.

संस्थेचा दुसरा आवडता बचाव म्हणजे 'शिक्षणाधिकाऱ्यांनी मान्यता दिली आहे'. सेंट उलाई हायस्कूल प्रकरणात उच्च न्यायालयाच्या पूर्ण पीठाने मान्यतेचा प्रश्न आणि नेमणुकीच्या वैधतेचा प्रश्न वेगळे केले आहेत. मान्यता नाही म्हणून नेमणूक आपोआप अवैध ठरत नाही. तसंच मान्यता आहे एवढ्यावर ज्येष्ठता डावलणं वैध होत नाही. ते न्यायाधिकरण स्वतः तपासतं.

अपील तीन महिन्यांत निकाली काढण्याचा प्रयत्न व्हावा असं कायदा म्हणतो. व्यवहारात त्याहून बराच वेळ लागतो हे धरून चाला. प्रत्येक तारखेचा रोजनामा (त्या दिवशीच्या कामकाजाची नोंद) पाहा आणि स्वतः हजर राहा.

थेट उच्च न्यायालयात जायचा सल्ला कोणी दिला तर सावध राहा. अपिलाची सोय उपलब्ध असताना याचिका केली की 'आधी न्यायाधिकरणात जा' असं सांगून परत पाठवतात आणि महिने वाया जातात. न्यायाधिकरणाच्या निकालावर मात्र पुढे अपील नाही, मुंबई उच्च न्यायालयात रिट याचिका करावी लागते.

तुम्ही नेमले गेलेले असाल आणि वरिष्ठ सहकारी कोर्टात जाणार हे दिसत असेल, तर कॅव्हेट (माझं म्हणणं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नये असा आगाऊ अर्ज) दाखल करा. ते ९० दिवस चालतं, नंतर नवं करावं लागतं.

## १०. संस्थेतच दोन गट असतील तर

दोन कार्यकारिणी, दोन सचिव, आणि दोघांनी दोन वेगळे मुख्याध्यापक नेमलेले, असे प्रसंग जुन्या संस्थांमध्ये येतात. यात शिक्षकाने कोणत्याही गटाच्या बैठकीत जाऊ नये. विश्वस्तांमधला बदल ९० दिवसांत धर्मादाय कार्यालयाला कळवावा लागतो. तो बदल अर्ज प्रलंबित असेपर्यंत परिशिष्ट एकवर जुनीच नावं असतात आणि शिक्षणाधिकारी कार्यालय बहुधा तीच धरून चालतं. तुम्हाला आदेश मिळाला तर सही करणाऱ्याचं नाव परिशिष्टावर आहे का बघा. नसेल तर पदभार घेताना शिक्षणाधिकाऱ्यांना लेखी कळवा आणि सह्यांच्या अधिकाराबाबत आदेश मागा. अधिकार नसताना पगारबिलावर किंवा दाखल्यांवर केलेल्या सह्या पुढे तुमच्याच अंगावर येतात.

## ११. 'प्रभारी' हा शब्द वाचला की जागे व्हा

'तात्पुरता पदभार, पुढील आदेश होईपर्यंत' असं लिहून कनिष्ठ शिक्षकाला खुर्चीवर बसवतात आणि तो प्रभार वर्षानुवर्षं चालतो. 'अजून नेमणूक कुठे झाली आहे?' असं ज्येष्ठाला सांगितलं जातं. प्रभाराच्या आदेशावरही तीस दिवसांच्या आत लेखी हरकत घ्या आणि पद नियमित बढतीने भरण्याची मागणी करा. तुम्ही स्वतः प्रभारी असाल तर हेही समजून घ्या की प्रभार काढून घेणं म्हणजे सहसा पदावनती मानली जात नाही. त्यामुळे मान्यतेसह नियमित नेमणुकीचा आग्रह धरा.

## १२. निकाल लागल्यावर

निकालाच्या दिवशीच प्रमाणित नकलेसाठी अर्ज करा. नक्कल मिळताच ती संस्थेला आणि शिक्षणाधिकाऱ्यांना पत्रासोबत द्या आणि रुजू होण्याची तारीख कळवा. संस्था उच्च न्यायालयात स्थगितीसाठी जाईल असं वाटत असेल तर तिथे कॅव्हेट आधीच टाकून ठेवा. आदेश पाळला नाही तर व्यवस्थापनाला दंडाची तरतूद कलम १३ मध्ये आहे. देय रक्कम शाळेच्या अनुदानातून कापून थेट कर्मचाऱ्याला द्यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करू शकतं. वेतनफरकाची थकबाकी संस्था टाळते तेव्हा ही तरतूद उपयोगी पडते, ती अपिलाच्या मागणीतच लिहून ठेवा.

निवृत्ती जवळ आली म्हणून अपील सोडू नका. प्रकरण चालू असताना ५८ पूर्ण झाले तर खुर्ची मिळणार नाही, पण मानीव दिनांक, वेतननिश्चिती आणि त्यावर आधारलेलं निवृत्तिवेतन मागता येतं. त्यासाठी निवृत्तीच्या आधीच मागणीत दुरुस्तीचा अर्ज द्या, आणि पेन्शनचा प्रस्ताव पाठवताना अपील क्रमांक व 'निकालाच्या अधीन राहून' ही नोंद त्यात घालायला शाळेला लेखी सांगा.